अस्वलं बघायला कुठे जावं? ठाण्याहून आई-बाबांसोबत

घोडबंदरकर: डिसेंबरात चार दिवस सुट्टी आहे, बाबांना जंगलात मोकळं अस्वल बघायचंच आहे पण गुडघ्यामुळे चालणं जमत नाही. गाइड असलेली टूर कुठली बरी?

वाशीची मावशी: दरोजीला जा, हंपीच्या जवळ, होस्पेटला उतरून गाडी करा. १९९४ साली खास अस्वलांसाठीच झालेलं अभयारण्य आहे. तिथले कर्मचारी खडकांवर गूळ-मधाचा लेप लावतात आणि दुपारनंतर अस्वलं उतरतात, आपण मनोऱ्यावरून बघायचं. आम्हाला पाठीवर पिल्लू घेतलेली मादी दिसली, ते इवलंसं काळं गाठोडं तिच्या केसांना घट्ट धरून होतं, अंगावर काटा आला माझ्या! दुर्बीण न्याच, अंतर बरंच असतं.

ऐरोलीचा भटक्या: मला लेप लावून बोलावणं पटत नाही. मध्य प्रदेशातल्या सातपुडा व्याघ्र प्रकल्पात मढईला जीप सफारी करा, पिपरिया स्टेशन आहे. दिसेलच असं नाही पण वारुळं उकरून वाळवी ओढताना व्हॅक्यूम क्लीनरसारखा आवाज येतो, तो मी ऐकलाय. आणि गाइड गप्प बसा म्हणाला की बसायचं, अस्वल दचकलं तर सरळ अंगावर येतं.

घोडबंदरकर: मावशी, मनोऱ्याला पायऱ्या किती आहेत?