प्रतिसाद: वादळाला भूक दे, डायलॉग नको

तुझ्या गोष्टीतलं ते जिवंत वादळांचं राज्य आवडलं. वर कोणीतरी विचारलंय की वादळ गेलं की रस्ते, घरं, माणसांच्या आठवणी सगळंच बदलणार असेल तर वाचणाऱ्याने धरायचं काय, तर बदलू दे की, फक्त टायमिंग ठेव. आमच्या ऐरोलीच्या खाडीत भरती रोज साधारण ५० मिनिटं उशिरा येते, आणि नवी मुंबईत होल्डिंग पाँड आहेत ना, तिथे भरती चढली की झडपा बंद, पावसाचं पाणी तळ्यात थांबवायचं आणि ओहोटीला सोडायचं, म्हणजे अख्खं शहर भरतीच्या घड्याळावर. तुझ्या लोकांकडे पण असं काहीतरी पाहिजे, कुठली गल्ली कधी सरकते ते पोराटोरांना पाठ.

आणि वादळ जिवंत म्हणजे ते बोललंच पाहिजे असं नाही हां! खरा गडगडाटी ढग बघ, खालची गरम दमट हवा खाऊन वाढतो, मग त्याच्याच पावसाबरोबर थंड हवा खाली येऊन पसरते आणि त्याचं खाणंच तोडते, बहुतेकदा तासाभरात खेळ खलास. पण तीच थंड हवा शेजारची गरम हवा वर ढकलते आणि नवा ढग उभा राहतो. मरता मरता पिल्लू! यात जन्म, भूक, वारसा सगळं फुकट मिळतंय. ऋग्वेदातले वादळाचे देव, मरुत, पण बघ, रुद्राची पोरं, भाले घेऊन कायम टोळीने फिरणारी, एकटं वादळ त्यापुढे मला जरा फिकंच वाटतं.

नकाशा मात्र टाकणार असशील तर दर भागाला नवीन टाक.