मदत हवी आहे: सोसायटीच्या चौकशीत बाबांचं कुणी ऐकूनच घेत नाही (अर्जंट)

कावलेला_चाकरमानी:
मंडळी, गुरुवारी तारीख आहे म्हणून घाईत लिहितोय. बाबा आमच्या सोसायटीचे खजिनदार होते (पूर्व उपनगर, ४८ फ्लॅट, नाव टाकत नाही). नव्या कमिटीने तक्रार केली, सहकार खात्याची चौकशी लागली, आता ६ लाख ४० हजार भरा म्हणतायत. तीनदा गेलो. तिन्ही वेळा बाकावर बसवलं, हजेरीच्या कागदावर सही घेतली आणि पुढची तारीख दिली. बाबा बोलायला लागले की चौकशी करणारे साहेब म्हणतात, "लेखी द्या." लेखी द्यायला कागद हवेत, कागद सोसायटीच्या कपाटात आणि किल्ली नव्या सेक्रेटरीकडे. स्टे कुठून मिळतो? वकील किती घेतात?

नियमात_बोला:
महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याचं कलम कोणतं, ८३ की ८८? पत्रात "विषय" असतो तिथे बघा. आदेशाची तारीख काय? सहकार खात्यात आयुष्य गेलं, पण एवढ्यावर काही सांगता येत नाही.

पार्किंग_पीडित:
आमच्याकडे पण हेच! चेअरमनने स्टिल्टमधली जागा भाच्याला दिली. दोन वर्षं झाली, गाडी अजून रस्त्यावर.

कावलेला_चाकरमानी:
कलमाचं काय घेऊन बसलात, माणूस झोपत नाही इथे. बरं, पाहिलं. ८८ आहे. आदेश नोव्हेंबर २०२३.

नियमात_बोला:
कलमाचंच घेऊन बसायचं असतं. ८३ मध्ये नुसतं काय झालं ते शोधतात, पैसे कुणाकडून घ्यायचे ते ८८ मध्ये ठरतं. म्हणून ८८ ला नियम ७२ ची पद्धत आहे: कुठला व्यवहार, किती रक्कम हे नोटिशीत लिहायचं, लेखी म्हणण्याला १५ दिवस द्यायचे, त्यानंतर आरोप निश्चित करायचे, मग पुरावा. हजेरीवर सही घेतली म्हणजे सुनावणी झाली असं नाही. नोटिशीत तपशील आहे का?

कावलेला_चाकरमानी:
एकच ओळ. "दुरुस्ती खर्चात अनियमितता, रु. ६,४०,०००." ऑडिट रिपोर्ट दिलाच नाही. साहेब म्हणाले, मला माहीत आहे त्यात काय आहे, मीच केलंय ऑडिट.

नियमात_बोला:
अहो, हे पहिल्या पोस्टमध्ये लिहायचं! ज्याने ऑडिटमध्ये दोष काढला, तोच जबाबदारी ठरवायला बसलाय? स्वतःचा रिपोर्ट चुकला असं तो कधी म्हणेल का? परवा तोंडी एक शब्द बोलू नका. दोन अर्ज द्या. चौकशी करणारा प्राधिकृत अधिकारी बदला, हा उपनिबंधकांकडे (सोसायट्यांवर देखरेख ठेवणारे सहकार खात्याचे अधिकारी). आणि ऑडिट रिपोर्ट, आरोपाचा तपशील, व्हाउचर दाखवल्याशिवाय म्हणणं मागू नका, हा चौकशीत. ऑडिटरची उलटतपासणी हवी हेही त्यातच लिहा. दोन्हींवर आवक शिक्क्यासकट पोच घ्या. पुढे अपिलात हीच पोच तुमची साक्षीदार.

आरटीआय_मामा:
एवढी कटकट कशाला? सोसायटीला आरटीआय टाका. ३० दिवसांत कागद हातात.

नियमात_बोला:
मामा, प्रत्येक धाग्यावर तेच. २०१३ मध्ये केरळच्या सहकारी बँकेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की नुसतं सहकार कायद्याखाली नोंदली म्हणून संस्था माहिती अधिकारात येत नाही. उपनिबंधक कार्यालयातली फाइल मात्र मागता येते, ती मागा. सोसायटीकडून कागद सदस्य म्हणून कलम ३२ आणि १५४ ब-८ खाली मागायचे.

कर्जत_स्लो:
सहकार न्यायालयात कलम ९१ चा, म्हणजे सोसायटीतल्या वादाचा, दावा ठोका. आमच्या मेव्हण्याने ठोकला होता, समोरचे गप्प झाले.

नियमात_बोला:
मेव्हण्याला ८८ ची नोटीस होती का?

कर्जत_स्लो:
नाही, त्याचं गळतीचं होतं. पण दावा तो दावा.

मावशी_तळमजला:
मी नऊ वर्षं सेक्रेटरी होते, म्हणून विचारते. चेकवर दुसरी सही कुणाची? आणि एम-२० बाँड (कमिटीच्या निर्णयांची जबाबदारी घेणारं हमीपत्र) सगळ्या कमिटीने भरला असेल, तर नोटीस एकट्या बाबांना का?

कावलेला_चाकरमानी:
दुसरी सही सेक्रेटरी काकांची, ते कोविडमध्ये गेले. बाबा गणपतीला पंधरा दिवस गावी जायचे, तेव्हा पाच-सहा चेक सही करून काकांकडे ठेवायचे. टाकीच्या वॉटरप्रूफिंगचे पैसे त्यातलेच. बाबांनी एक पैसा खाल्लेला नाही.

मावशी_तळमजला:
कोरे चेक? अरे बाबा.

नियमात_बोला:
आता खरं दुखणं कळलं. खाल्ला नाही एवढ्यावर सुटका नाही. ८८ मध्ये अपहाराबरोबर गैरवर्तन आणि विश्वासभंगही आहे, आणि ते कोऱ्या चेककडेच बोट दाखवणार. म्हणून काम झालं होतं हे दाखवा. टाकीचे फोटो, मिस्त्री, सर्वसाधारण सभेचं इतिवृत्त. काम झालं असेल तर नुकसान कसलं, हा तुमचा मुद्दा.

कर्जत_स्लो:
गेलेल्या माणसावर ढकला ना. तो काय उत्तर द्यायला येणार?

मावशी_तळमजला:
शोभतं का हे बोलणं? काकूंना उद्या तोंड दाखवायचंय त्यांना, एकाच जिन्यात राहतात.

नियमात_बोला:
ढकलायचा प्रश्नच नाही. मृत व्यक्तीची मालमत्ता ज्याच्याकडे आली, त्याला म्हणणं मांडायची संधी द्यावी असं कलमातच आहे. काकूंना नोटीस नसेल तर चौकशी तिथेही लंगडी. पण ते मागायचं की नाही, हे बाबांनी ठरवावं.
चेक कोणत्या तारखांचे? ऑडिट सुरू झाल्यापासून किंवा चौकशीच्या आदेशापासून मागची पाचच वर्षं धरतात.

कावलेला_चाकरमानी:
सप्टेंबर २०१८. म्हणजे नोव्हेंबर २०२३ पर्यंत पाच वर्षं उलटली! सुटलो?

नियमात_बोला:
उड्या मारू नका. ऑडिटवरून लागलेली चौकशी असेल तर ऑडिट कधी सुरू झालं ते बघतात. ते सप्टेंबर २०२३ च्या आधी सुरू झालं असेल तर चेक पाच वर्षांच्या आत येतात. म्हणूनच रिपोर्ट हवा. आणि विरुद्ध आदेश झालाच तर कलम १५२ खाली अपील, आदेश मिळाल्यापासून दोन महिन्यांत. स्टे तिथे मागा.

पार्किंग_पीडित:
८८ खाली पार्किंग बसतं का?

भाडेकरू_कायम:
नॉन-ऑक्युपन्सी चार्जेस सेवाशुल्काच्या १० टक्क्यांहून जास्त घेता येत नाहीत. कुणाला उपयोग होईल म्हणून सांगून ठेवतो.

कावलेला_चाकरमानी:
अपडेट. दोन्ही अर्ज दिले. आवकवाली बाई शिक्का मारायला तयार नव्हती, "साहेबांना विचारा" म्हणाली. बाबा खिडकीशी उभेच राहिले, वीस मिनिटांनी मारला. रिपोर्टची प्रत मिळाली: व्हाउचर क्र. ४७, मिस्त्रीचा अंगठा, रेव्हेन्यू स्टॅम्प नाही. ऑडिट ऑगस्ट २०२३ ला सुरू झालंय, म्हणजे चेक आत. काकूंचं नाव घ्यायला बाबा नाही म्हणाले. साहेबांनी सोसायटीला कपाट उघडून दाखवायला सांगितलंय. सेक्रेटरी म्हणतो किल्ली वॉचमनकडे होती, आणि वॉचमन गावी गेलाय.