ग्रीक नट म्हणजे फक्त मर्कूरी आणि पापास?

ग्रीक नटांची चर्चा निघाली की गाडी मेलिना मर्कूरी आणि इरीनी पापास या दोन अभिनेत्रींच्या पुढे जातच नाही, म्हणून मानोस कात्राकिस या नटाची भर घालतो. क्रीट बेटावरचा माणूस, जन्म 1908. ग्रीसमधल्या यादवी युद्धाच्या काळात 'मी डावे विचार सोडले' अशा कागदावर सही करायला नकार दिला, म्हणून माक्रोनिसोस आणि आय-स्त्रातिस या बेटांवर हद्दपारी भोगली. सुटल्यावर 1955 मध्ये स्वतःची नाटकमंडळी काढली. 1961 च्या 'अँटिगनी' चित्रपटात अँटिगनी झालेल्या पापाससमोर राजा क्रेऑन हाच. हुकूम न मानणाऱ्या पोरीवर गरजणारा राजा, आणि तो करतोय कोण, तर आयुष्यभर न वाकलेला गडी!

पण बघायचाच तर ग्रीक दिग्दर्शक अँजेलोपुलोसचा चित्रपट 'व्हॉयेज टू सिथेरा' (1984) बघा. सुरुवातीला म्हातारे नट चाचणीसाठी रांगेने येतात, एकच वाक्य म्हणतात: 'मी आहे.' कुणाचंच खरं वाटत नाही. मग लॅव्हेंडर विकणारा एक म्हातारा दिसतो, तो कात्राकिस. बत्तीस वर्षांनी मायदेशी परतलेला निर्वासित त्याने फारसं न बोलता उभा केलाय. शेवटी पावसात, समुद्रातल्या तराफ्यावर बायकोसोबत उभा असतो आणि दोर सोडतो. त्याच वर्षी सप्टेंबरात कात्राकिस गेला.