अनुभव धागा : टाकी, काटा आणि रिझर्व्ह. पिकपवाल्यांनो, लिहा

आळेफाटेकर

परवा आमची पिकप विकली. सोळा वर्षं होती दारात. गिऱ्हाईक यायच्या आधी सीटमागचा पसारा काढायला घेतला : जॅक, दोन पाने, ताडपत्रीची दोरी, गणपतीपुढचा सुकलेला हार. त्याखाली रबर लावलेली दोनशे पानी वही निघाली. वडलांची डिझेलची वही. वडील जाऊन तीन वर्षं झाली.

गाडीचा काटा दुसऱ्याच वर्षी अर्ध्यावर अडकला होता. टाकी भरा नाहीतर कोरडी करा, काटा आपला अर्ध्यावर. मेकॅनिक म्हणाला टाकी उतरवून आतला फ्लोट बदलावा लागेल. वडील म्हणाले, तेवढ्यात माझ्या दोन खेपा होतात. म्हणून ही वही. एक ओळ जशीच्या तशी :

"ओतूर-कल्याण. टोमॅटो ६२ क्रेट. मीटर ४१२०६. डिझेल ५००. आ. २००."

टाकी ४५ लिटरची. भरल्या गाडीला घाटात ११ चं अ‍ॅव्हरेज धरलं तरी ४९५ किलोमीटर. माळशेजमार्गे कल्याण मार्केटला जाऊन-येऊन अडीचशेच्या आत. म्हणजे एका टाकीत दोन खेपा आरामात. पण अख्ख्या वहीत 'टाकी फुल' हे दोनदाच सापडलं. एकदा पंढरपूरला दिंडीबरोबर गाडी गेली तेव्हा (गावाने वर्गणी काढली होती), आणि एकदा ताईच्या लग्नात. एरवी पाचशेचं, तीनशेचं, एकदा तर दीडशेचं. कंपनीने ४५ ची दिली, आम्ही ती कायम आठ-दहा लिटरचीच वापरली.

आणि एकदा हिशोब चुकला. मी सहावीत, केबिनमध्ये झोपलेलो. पावसाळा, कल्याणहून परत येताना माळशेज चढून वर आलो आणि गाडीला ढास लागल्यासारखं झालं. बंद. धुकं एवढं की बोनेटसुद्धा दिसेना. पहाटे एका दुधाच्या गाडीवाल्याने पाच लिटर दिलं, पण डिझेल गाडी नुसतं ओतून कुठे चालू होते? लाईनने हवा धरलेली. वडील हँडपंप दाबायचे, मी फिल्टरवरचा नट ढिला धरून बॅटरी मारायचो. आधी नुसता फेस, मग फेसात डिझेल, मग बुडबुडे कमी कमी होत एकदम नितळ धार. "आवळ!" एवढाच शब्द. अजून तो वास आला की मला माळशेजचं धुकं दिसतं.

तुमचे अनुभव लिहा. पिकप, छोटा हत्ती, ४०७, काहीही चालेल. आणि हो, ते 'आ.' काय असावं? जवळजवळ प्रत्येक पानावर आहे.

तिखटशेव

पहिला! वाचून येतो.

करवीर_मोटार

भावा पाचशेच्या डिझेलचं अगदी बरोबर बोललास. आमच्याकडं मात्र उलटी तऱ्हा. कोल्हापूर-बेळगाव लाईनवर आमची गाडी. तेव्हा डिझेल कर्नाटकात स्वस्त होतं, म्हणून जाताना टाकीत बुडाला असेल तेवढ्यावर सीमेवरचं कोगनोळी गाठायची आणि पलीकडं गेलं की फुल्ल. येताना परत नाक्याच्या अलीकडं टॉप. चार रुपये वाचवायच्या नादात दोनदा कागलजवळ गाडी ढकललीया. एकदा तर पंप समोर दिसतोय, मधी फक्त चढ. चार पोरं, गाडीत गुळाच्या ढेपा. ढेपा उतरवून गाडी ढकलली आणि परत ढेपा चढवल्या लगा. वाचले किती? एकशेचाळीस. पोरांच्या मिसळीला गेले दोनशे ऐंशी.

तिखटशेव

@करवीर मिसळ कुठली ते सांग आधी 😄

सिन्नरची_सून

घाईत लिहितेय, कुकर लावलाय. आमचे हे वाशीला भाजी नेतात. रात्री नऊला निघायचं, मध्यरात्रीनंतर मार्केट. मला गाडीतलं काही कळत नाही, पण फोनवर आवाज ऐकून कळतं डिझेल किती आहे. 'बोल गं' म्हणाले की टाकीत आहे. 'हं, नंतर करतो' म्हणाले की लाल दिवा लागलाय. कसारा घाट उतरताना दिवा लागतो आणि खाली सपाटीला आलं की विझतो म्हणे. असं का होतं हो? शिट्टी झाली, येते.

फिटर_अण्णा

सिन्नरची_सून ताई, टाकीत एक दांडी असते, तिच्या टोकाला फ्लोट. डिझेलवर तरंगतो, त्यावर काटा चालतो. उतारावर डिझेल टाकीच्या एका अंगाला जमा होतं, फ्लोट खाली बसतो, दिवा लागतो. सपाटीला परत वर. म्हणून घाटातल्या काट्यावर जाऊ नये, खरा काटा सपाट रस्त्यावरचा. बऱ्याच गाड्यांत काटा फुलपासून अर्ध्यापर्यंत रमतगमत येतो आणि तिथून खाली पळत सुटतो. टाकीचा आकार वरून खालपर्यंत सारखा नसतो ना.

आता सगळ्यांसाठी. हे हँडपंपाचं कौतुक जुन्या गाड्यांपुरतं ठेवा. नव्या कॉमनरेल इंजिनात हाय प्रेशर पंपाला वंगण डिझेलचंच असतं. कोरडा पळाला की पंप ओरबाडतो, त्याचा चुरा इंजेक्टरात जातो. महिनाभरापूर्वी एक गाडी आली. मालक म्हणे "फक्त डिझेल संपलं होतं". बिल ऐकून तो माणूस दुकानाच्या पायरीवर खाली बसला. पाव टाकीच्या खाली जाऊच नका, तळाचा गाळही ओढला जातो.

आणि एक. "४५ ची टाकी, पंपावर ४८ बसलं, लुटलं" अशी भांडणं रोज ऐकतो. कंपनी सांगते तो आकडा सुरक्षित भरायचा असतो. वर हवेला, डिझेल फुगायला जागा सोडलेली असते, शिवाय गळ्यात दोन-तीन लिटर राहतं. गळ्यापर्यंत हलवून हलवून भरलं तर जास्त बसणारच. तरी शंका असेल तर पंपावर पाच लिटरचं शिक्क्याचं माप असतं, ते मागून समोर मोजून घ्या. तो आपला हक्क आहे. भांडण नको.

वऱ्हाडी_ठेचा

अण्णा बरोबर हाय. आता आमचं ऐका. कापूस भरला की गाडी वजनानं हलकी असते बाप्पा, पण उंच! मागं डोंगरच बांधल्यावानी. सोयाबीनचे कट्टे भरले तर १३ देते, अन् तीच गाडी कापूस भरला का १० वर येते. मले वाटे इंजिन गेलं. मग समजलं का वारा धरते ते. जिनिंगसमोर रांगेत दोन दोन दिवस उभं राहाव लागते, तिथं डिझेल लागत नाही पण डोकं लागते.

आंबेवाला_देवगड

आमच्याकडे हिशोब टाकीचा नाही, वेळेचा. देवगडहून वाशी साडेचारशेच्या आसपास. संध्याकाळी पेट्या भरायच्या आणि पहाटे मार्केट उघडताना गेटवर पाहिजे. मधे पंपावर थांबायला कोणाला परवडतंय? सीझनला संध्याकाळीच कडेपर्यंत भरून निघायचं. ४५-५० लिटरमध्ये वाशी गाठते, पण परतीला पनवेलच्या पुढे भरावंच लागतं.

एक वर्ष ड्रायव्हर नवीन होता. रात्री दोनला फोन, "काका, लाल दिवो पेटलो." मी म्हटलं, मग पंप बघ. "पंप बंद असा." माणगावला गाडी उभी, आत तीनशे पेट्या, आणि हापूस काय वाट बघतो? उकाड्यात आतल्या आत पिकत बसला. पंपवाला सहाला आला. मार्केटला पोचेपर्यंत लिलाव आटोपलेला. त्या दिवसापासून सीझनला मी स्वतः झाकण उघडून बघितल्याशिवाय गाडी सोडत नाही. ड्रायव्हर आजही तोच आहे, चांगला आहे पोरगा.

पिंट्या_चाकण

तुम्ही सगळे डिझेलवाले सुखी आहात. सीएनजी घ्या म्हणाले, स्वस्त पडतं म्हणाले. पडतं! पण सिलिंडरवर लिहिलेले लिटर म्हणजे पाण्याचे. ६० लिटरच्या सिलिंडरात गॅस बसतो नऊ-दहा किलो, तोसुद्धा २०० बारचं प्रेशर मिळालं तर. पंपाचं प्रेशर कमी असलं की सात-आठवर नोझल थांबतं. उन्हाळ्यात दुपारी भरलं तर आणखी कमी. रात्री साडेअकराला लाईनीत लागतो, पहाटे दोनला नंबर. रेंज विचारू नका, झोप किती होते ते विचारा.

सिन्नरची_सून

@फिटर_अण्णा धन्यवाद. ह्यांना वाचून दाखवलं. म्हणाले मला माहीतच होतं 🙄

युटाची_वारी

मी सॉल्ट लेक सिटीजवळ असतो. इथे पिकप म्हणजे घरातली दुसरी गाडी. आमच्या शेजाऱ्याच्या फोर्ड एफ-१५० ला ३६ गॅलनची टाकी आहे, म्हणजे १३६ लिटर! भरली की आमच्या गावी छोटा हत्ती साडेचार वेळा भरेल (त्याची ३० ची आहे ना?).

मलाही सुरुवातीला हसू यायचं, एवढी टाकी कशाला. मग आय-७० हायवेवरून ग्रीन रिव्हरहून सलायनाकडे निघालो. गाव सोडताना पाटी : पुढे ११० मैल काही सोय नाही. खरोखर नाही. पंप नाही, टपरी नाही, लाल दगड नुसते. मागे भाड्याचा ट्रेलर जोडलेला, घर बदलत होतो. ट्रेलर लागला की रेंज निम्म्यावर येते हे कोणी सांगितलंच नव्हतं. स्क्रीनवर २४० मैल दाखवत होतं, चढाला लागल्यावर दहा मिनिटांत १५० झालं. बायकोने एसी बंद केला, मुलीने गाणी बंद केली (गाण्यांचा काय संबंध?). सलायनाला पोचलो तेव्हा तिघांपैकी कोणी बोलत नव्हतं.

तिखटशेव

गाणी बंद केल्यावर अ‍ॅव्हरेज वाढतं, आमचे मामा पण म्हणायचे. वायपर बंद केला तर अजून वाढतं 😂

पर्थवासी

युटाकर, इकडे ऑस्ट्रेलियात आमच्या नलारबोरच्या माळावर या. बॅलाडोनिया ते कायगुना १८२ किलोमीटर, त्यात १४६ किलोमीटर रस्ता सरळ, एक वळण नाही. इथे पिकपला 'यूट' म्हणतात. माझ्या हायलक्सला ८० लिटरची टाकी, वर दोन जेरीकॅन. रोडहाऊसवर डिझेल शहरापेक्षा कितीतरी महाग, पण तिथे घासाघीस करणार कोणाशी? समोरून वारा असला की रेंज अशी खाली येते, वऱ्हाडी भाऊंचा कापूस आठवला वाचताना. आमच्या कापसाऐवजी छतावर तंबू होता, एवढाच फरक.

वऱ्हाडी_ठेचा

@पर्थवासी तिकडं कापूस होते का? भाव काय हाय?

पर्थवासी

होतो हो, पण पूर्वेकडे. भाव विचारून सांगतो.

मनमाडचा_बाळू

जानेवारी २०२४ आठवतोय का कुणाला? नव्या हिट अँड रन कायद्याविरुद्ध ड्रायव्हर लोकांचा संप. इथे पानेवाडीच्या तेल डेपोत टँकर उभे राहिले आणि दोन तारखेला सगळ्या पंपांवर ही गर्दी. लोकं बाटल्या, कॅन, एक जण तर बादली घेऊन. बाटलीत द्यायला बंदी, तर तो बादलीवाला म्हणे बादली म्हणजे बाटली नाही. माझ्या पिकपमध्ये त्या दिवशी योगायोगाने टाकी फुल. गल्लीत एवढा मान लग्नातपण मिळाला नव्हता. मेव्हण्याने तर पाईपच आणला, तोंडाने ओढून काढतो म्हणे. ओढलं आणि गिळलं. दिवसभर ढेकर डिझेलचे. विडी पेटवू नको म्हणून बहीण मागे मागे.

दिंडी_क्र_पन्नास

आळेफाटेकर, दिंडीच्या फुल टाकीवरून लिहितो. आमची गाडी दरवर्षी असते, तंबू, भांडी, म्हाताऱ्या माणसांच्या पिशव्या. आळंदी-पंढरपूर अंतर फार नाही, पण पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्ये गर्दीतून सरकायचं. किलोमीटरवर हिशोब लावायला गेलात तर वेडे व्हाल. अ‍ॅव्हरेज सहा-सात. त्यात दिवेघाट. गावाने फुल करून दिली ते शहाणपणाचं केलं.

फिटर_अण्णा

आणि दिंडीहून आली की क्लच प्लेट बघून घ्या. दर आषाढानंतर आमच्याकडे रांग असते. माऊलीची कृपा.

सिन्नरची_सून

मी आल्यापासून त्या 'आ.' चा विचार करतेय. 'आई' असणार हो! आईंकडून २०० घेतले असतील. भाजी विकून, दुधाचे, काहीतरी साठवलेले. डोळ्यात पाणी आलं.

आंबेवाला_देवगड

मलाही तेच वाटलं. आमच्या घरी पण डब्यातले पैसे असायचे.

करवीर_मोटार

लगा रडवतोस का आता 🥲

आळेफाटेकर

सगळ्यांचे आभार, रात्री निवांत वाचलं. अण्णा, काटा अर्ध्यावर का अडकला ते इतक्या वर्षांनी कळलं : गिऱ्हाइकाच्या मेकॅनिकने टाकी उतरवली, फ्लोटची दांडी वाकून आतल्या पत्र्याला टेकली होती. पक्कडीने सरळ केली. पाच मिनिटं. काटा चालू.

आणि आत्ता आईला वही दाखवून विचारलं. तिने चष्मा लावून दोन पानं बघितली आणि म्हणाली, "आ. म्हणजे आडत्या, आपला माल विकून देणारा. कल्याणचा. परतीच्या डिझेलला उचल द्यायचा, मालाच्या हिशोबाच्या पट्टीतून कापून घ्यायचा." मी म्हटलं, तुझ्याकडून नव्हते घेत? "घ्यायचे की. ते कशाला लिहितील?"

तिखटशेव

आडत्याचे फिटले का मग?

आळेफाटेकर

शेवटच्या पानावर चारशे बाकी आहे. गाळा बंद झालाय म्हणे.