'डेझीज' लिहिणारी बाई कोण होती, कोणाले माहीत हाय का?

तुरीवाला, दारव्हा: भाऊ, आम्ही कोरडवाहूवाले. परवा रात्री मोबाईलवर 'डेझीज' पाहिला, चेक पिक्चर, 1966 चा. दोन पोरी, दोघीही मारी, शेवटी एका मोठ्या मेजवानीच्या टेबलावर चढतात अन टाचेच्या सँडलनं सारं अन्न तुडवतात, केक एकमेकींवर फेकतात. खरं सांगतो, मले पाहवलं नाही. आमची माय खळ्यावर सांडलेली तूर दाणा दाणा वेचून पदरात घेते. पण पिक्चर डोक्यातून जातही नाही. डायरेक्टर वेरा खितिलोवाबद्दल वाचलं, पण लिहिणाऱ्यात एस्तेर क्रुम्बाखोवा असं दुसरं नाव होतं. ही कोण? तिनं असं काऊन लिहिलं असंल?

वरोऱ्याची ताई: दादा, तुम्हाला जे वाटलं तेच 1967 मध्ये तिकडच्या संसदेत 21 खासदारांच्या वतीनं एक जण बोलला, की शेतकरी एवढ्या अडचणीत पिकवतो अन हे लोक अन्न तुडवतात. पण शेवटची पाटी परत पाहा. ज्यांना फक्त तुडवलेल्या सलाडच्या वाफ्याचाच राग येतो, त्यांना हा पिक्चर अर्पण. अन ती पाटी येते बॉम्बनं पडलेल्या घरांवर! म्हणजे उत्तर आधीच देऊन ठेवलेलं. क्रुम्बाखोवा ब्रनोची, जन्म 1923, नाटकांचे कपडे करता करता सिनेमात आली, 'डेझीज'चे कपडेही तिचेच. शेवटी पोरी अंगाला वर्तमानपत्रं बांधून, दोऱ्यानं आवळून, फुटक्या ताटांचे तुकडे जुळवत बसतात ना, तो सीन पाहताना मला तर रडू आलं होतं.

संत्राबाग: यात अजून एक गोष्ट हाय बापा. तिच्या पिक्चरमध्ये पंगत येतेच. यान नेमेत, म्हणजे तेव्हाचा तिचा नवरा, त्याच्यासोबत तिनं 'पार्टी आणि पाहुणे' लिहिला, तोही 1966 चाच. तळ्याकाठी जेवणं मांडलीत, एक पाहुणा गुपचूप उठून जातो, तर बाकीचे कुत्रा घेऊन त्याच्या मागं निघतात. त्या पिक्चरवर 1973 मध्ये कायमची बंदी घातली. अन 1970 चा 'इंजिनिअर सैतानाचा खून', तिनं स्वतः डायरेक्ट केलेला एकच, त्यात बाई रांधत राहते अन तो सैतान खातच राहते. त्यानंतर सरकारनं तिले जवळपास कामच करू दिलं नाही, 1996 मध्ये वारली. एवढी मोठी लेखिका, अन नाव कोणी घेत नाही, याचं लय वाईट वाटते.

तुरीवाला, दारव्हा: ताई, भाऊ, लय आभार. काल मायले तो टेबलाचा सीन दाखवला. मले वाटलं चिडंल. ती बराच वेळ पाहत राहिली, मंग म्हणे, "एवढं रांधलं कोणासाठी व्हतं रे? जेवणारं तं कोणीच नाही तिथं." मी परत लावून पाहिला. खरंच, पोरी येतात तवा अख्ख्या हॉलमध्ये एक माणूस नाही.