मदत हवी आहे: मिसिंगची नोंद झाली, गुन्हा दाखल होत नाही. हेबियस कॉर्पस (डांबलेल्या माणसाला कोर्टापुढे हजर करा, अशी याचिका) करावी का?

नमस्कार. इथे कुणी वकील असतील तर कृपया सांगा.

माझा आतेभाऊ ऊसतोडीचा मुकादम आहे. वाहतूक ठेकेदाराकडून उचल (आगाऊ रक्कम) घेऊन त्याने टोळीला वाटली आणि ऐन हंगामात निम्मे कोयते (ऊस तोडणाऱ्या जोड्या) दुसऱ्याच कारखान्यावर गेले. ठेकेदाराचा तगादा सुरू झाला. "हिशोब मिटवून येतो" म्हणून भाऊ गेला तो परतलाच नाही, मोबाइलही बंद. नंतर वहिनींना अनोळखी नंबरवरून त्याचाच फोन आला: "पैशाचं बघा, मग सोडतील म्हणतात." लगेच कट.

हे सगळं ठाण्यात सांगितलं. अंमलदारांनी मिसिंग नोंदवली: रंग सावळा, उजव्या हातावर गोंदलेलं, अंगात पांढरा शर्ट. त्या फोनबद्दल मात्र एक अक्षर लिहिलं नाही. आता म्हणतात, मोठा माणूस आहे, पैसे बुडवायला लपला असेल. व्यवहार दिवाणी आहे आणि हद्दही आमची नाही.

तालुक्यातले एक वकील म्हणतात, औरंगाबाद खंडपीठात हेबियस कॉर्पस टाका. दुसरे म्हणतात, मिसिंगमध्ये ती टिकत नाही. खरं काय? गुन्हा नोंदवला तर त्याला मारहाण होईल, अशी आत्याला धास्ती आहे. ती जमीन विकायला निघाली आहे.

प्रतिसाद:
हेबियस कॉर्पसला बेकायदा कैद दाखवावी लागते. माणूस नुसताच सापडत नसेल, कुणी अडकवल्याचं काहीच दिसत नसेल, तर उच्च न्यायालय सहसा तपासाच्या मार्गानेच जायला सांगतं. म्हणून दुसरे वकील तसं म्हणाले. पण तुमच्याकडे तो फोन आहे. "सोडतील" म्हणजे कुणीतरी धरलंय. संशयित माहीत आहे, कारणही माहीत आहे. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली याचिका करा. सरकार आणि पोलिसांबरोबर ठेकेदारालाही प्रतिवादी करता येतं, कारण खासगी माणसाने डांबलं असलं तरी ही याचिका चालते.

मात्र त्याआधी, आजच, वहिनींच्या सहीने लेखी फिर्याद द्या. "हरवला" असं लिहू नका. "उचलीच्या वसुलीसाठी डांबून ठेवलं आहे" असं लिहा आणि फोनचा नंबर, तारीख, वेळ, त्याचे शब्द जसेच्या तसे उतरवा. भारतीय न्याय संहितेच्या कलम १२७ आणि १४० मध्ये हे बसतं. दखलपात्र गुन्हा (ज्यात पोलिस कोर्टाच्या परवानगीशिवाय तपास करू शकतात) दिसत असेल तर एफआयआर नोंदवायलाच हवा, हे सर्वोच्च न्यायालयाने ललिता कुमारी खटल्यात २०१३ मध्ये ठरवलं. तो खटलाही एका बेपत्ता मुलीच्या बापाची तक्रार घेतली जात नव्हती म्हणूनच उभा राहिला होता. हद्दीची सबब तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी कार्यपद्धतीचा कायदा) कलम १७३ ने निकालात काढली आहे. झिरो एफआयआर, म्हणजे हद्द कुठलीही असली तरी नोंदवायचा गुन्हा, घ्यावाच लागतो.

नाही घेतला, तर तीच फिर्याद एसपींना रजिस्टर पोस्टाने पाठवा. तिथेही हालचाल नाही झाली, तर प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे त्याच संहितेच्या कलम १७५(३) खाली शपथपत्रासह अर्ज करा. प्रत्येक कागदाची पोच जपा, खंडपीठात पहिला प्रश्न त्याचाच येईल. कुठे ठेवलंय याचा अंदाज असेल तर त्याच संहितेच्या कलम १०० खाली प्रांतांकडेही (उपविभागीय दंडाधिकारी) झडतीचं वॉरंट मागता येतं.

आत्यांची भीती मी हलकी धरत नाही. पण पोलिसांच्या कागदावर ठेकेदाराचं नाव नाही तोवर त्याला कसलाच धाक नाही. उचल फिटायची राहिली असेल तर त्याने दिवाणी दावा करावा. त्यासाठी माणूस कोंडायचा अधिकार कुणालाही नाही. जमीन विकायची घाई करू नका.

धागाकर्ता:
फार आभार. खंडपीठाचा खर्च झेपणार नाही. आणि तो फोन रेकॉर्ड झालेला नाही.

प्रतिसाद:
याचिका वहिनींच्या नावे करा. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. खंडपीठातल्या विधी सेवा उपसमितीकडे अर्ज द्या.

रेकॉर्डिंग नसलं तरी चालेल. माहिती खरी की खोटी हे एफआयआर घेताना तोलायचं नसतं, तेही ललिता कुमारी निकालातच आहे. वहिनींच्या मोबाइलमधली कॉलची नोंद पुसू देऊ नका, आणि त्या नंबरचा सीडीआर (कंपनीकडची कॉलची यादी) व टॉवर लोकेशन काढा अशी मागणी फिर्यादीतच लिहा.