अँड्र्यू लकने २९व्या वर्षी अमेरिकन फुटबॉल सोडला, ते बरोबर होतं का?

रानवाट (धागाकर्ती)

२४ ऑगस्ट २०१९ची रात्र. इंडियानापोलिसमध्ये कोल्ट्स विरुद्ध शिकागो बेअर्स असा सराव सामना चालू होता. कोल्ट्सचा क्वार्टरबॅक (चेंडू फेकून आक्रमण चालवणारा खेळाडू) अँड्र्यू लक दुखापतीमुळे खेळत नव्हता, मैदानाच्या कडेला उभा होता. तो निवृत्त होतोय ही बातमी सामना चालू असतानाच फुटली आणि बाहेर पडताना त्याच्याच शहरातल्या प्रेक्षकांनी त्याची हुर्यो उडवली. वय २९, आणि पहिला खरा सामना पंधरा दिवसांवर.

त्यानंतर लगेच झालेल्या पत्रकार परिषदेत त्याने रडवेल्या आवाजात सांगितलं की गेली चार वर्षं दुखापत, वेदना, रिहॅब आणि पुन्हा दुखापत एवढंच चाललंय, त्यात खेळाचा आनंद संपला. हा अपयशी खेळाडू नव्हता. आदल्याच हंगामात त्याने ३९ टचडाउन पास (थेट गुण मिळवून देणारे पास) दिले होते आणि एनएफएल या व्यावसायिक लीगचा 'कमबॅक प्लेअर ऑफ द इयर' ठरला होता.

माझ्या मते त्याने योग्य केलं आणि त्या रात्रीची हुर्यो लाजिरवाणी होती. तुम्हाला काय वाटतं?

विन्या_इंडी

हुर्यो चूक होती, मान्य. पण निर्णय पटत नाही.

मी बरीच वर्षं इंडियानात राहतोय. इथे या संघाचं लोकांना काय वाटतं ते बाहेरून कळणं अवघड आहे. २०११मध्ये आधीचा क्वार्टरबॅक पेटन मॅनिंग मानेच्या दुखण्याने पूर्ण हंगाम बाहेर होता, संघ १६पैकी १४ सामने हरला. मग मॅनिंगला सोडलं आणि २०१२च्या ड्राफ्टमध्ये (नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत) पहिल्या क्रमांकावर लकला घेतलं. पहिल्याच वर्षी ११ विजय! जानेवारी २०१४मध्ये कॅन्सस सिटीविरुद्ध २८ गुणांनी मागे पडून ४५-४४ने जिंकलेला प्लेऑफचा (बाद फेरीचा) सामना इथल्या लोकांना तोंडपाठ आहे.

२०१६मध्ये मालकाने त्याला सहा वर्षांचा, जवळपास १४ कोटी डॉलरपर्यंतचा करार दिला. २०१७मध्ये तो एकही सामना खेळला नाही, तरी संघाने वाट पाहिली. इतका विश्वास टाकलेल्या लोकांना हंगामाच्या तोंडावर सोडून जायचं? सीझन तिकिटं विकली गेली होती, डावपेच त्याच्याभोवती रचले होते. संघातली ५२ पोरंही आपलं शरीर पणाला लावतात, आणि त्यातल्या बहुतेकांना त्याच्या पगाराचा दहावा हिस्साही मिळत नाही. त्यांचा विचार कुणी करायचा?

मृण्मयी_फिजिओ

विन्या, "वाट पाहिली" म्हणताना त्या वर्षांत काय झालं तेही मांडू या.

सप्टेंबर २०१५मध्ये उजव्या, म्हणजे फेकायच्याच खांद्याला दुखापत. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये डेन्व्हरविरुद्ध मूत्रपिंडाला जखम झाली आणि पोटाचा स्नायू फाटला. (तो सामना त्याने जिंकून दिला!) २०१६चा हंगाम तो तोच दुखरा खांदा घेऊन खेळला. शस्त्रक्रिया झाली जानेवारी २०१७मध्ये, आणि त्यानंतर वर्षभर बाहेर. शेवटी उपचारांसाठी नेदरलँड्सला जाऊन राहिला.

ही इजा लॅब्रमची होती. खांद्याच्या खोबणीभोवती कूर्चेची कड असते, ती हाडाचा गोळा जागेवर धरते. ती फाटली की हात वर नेऊन जोराने फेकताना सांधा डळमळतो. मग शरीर नकळत फेकायची पद्धत बदलतं आणि भार दुसरीकडे जातो. माझ्याकडे अशा खांद्याचे क्रिकेटपटू येतात. महिनोन्‌महिने रबरी पट्ट्या ओढायच्या आणि उद्या हात उचलेल का हे माहीत नसायचं, यात माणूस आतून किती झिजतो ते मी रोज बघते. त्याला हे दुसऱ्यांदा करायचं नव्हतं. त्याला कमकुवत म्हणणाऱ्यांनी हे आधी समजून घ्यावं.

तात्या४६

मी मृण्मयीताईंच्या बाजूने, पण कारण वेगळं. दोष संघव्यवस्थापनाचा आहे.

क्वार्टरबॅकने चेंडू फेकायच्या आत त्याला आडवं पाडलं की त्याला सॅक म्हणतात. त्याच्यापुढे पाच दांडगे गडी भिंत करून उभे असतात, ती ऑफेन्सिव्ह लाइन. लक पहिल्या वर्षी ४१ वेळा सॅक झाला, २०१६मध्ये पुन्हा ४१ वेळा. २०१२ ते २०१६ मिळून १५६! आणि यात पास सुटल्यावर बसलेले धक्के धरलेलेच नाहीत. हे उघड दिसत असताना २०१३मध्ये व्यवस्थापनाने पहिल्या फेरीची ड्राफ्ट निवड देऊन ट्रेंट रिचर्डसन हा धावणारा खेळाडू आणला, २०१५मध्ये पहिल्या फेरीत फिलिप डॉर्सेट हा पास झेलणारा रिसीव्हर घेतला. भिंत तशीच भगदाडं पडलेली राहिली.

२०१८मध्ये नव्या व्यवस्थापकाने क्वेंटन नेल्सनला सहाव्या क्रमांकावर निवडलं, लाइन सुधारली आणि पूर्ण हंगामात लक फक्त १८ वेळा सॅक झाला. म्हणजे करता येत होतं. सहा वर्षं उशिरा केलं. अशा संघाने निष्ठेची अपेक्षा कोणत्या तोंडाने करायची?

विन्या_इंडी

तात्या, जुन्या व्यवस्थापनाबद्दल शंभर टक्के सहमत. पण तुमचाच मुद्दा उलटा लागू होतो. २०१९मध्ये संघ सुधारला होता, प्रशिक्षक चांगला होता, भिंत मजबूत होती. तेव्हाच सोडणं हे जास्त लागतं.

आणि संघ त्याच्याशी वाईट वागला असं म्हणूच नका. बॅरी सँडर्सने १९९९मध्ये निवृत्ती घेतली तेव्हा डेट्रॉइट लायन्सने त्याच्याकडून साइनिंग बोनसचे (करारावर सही करताना दिलेले) पैसे परत मागितले. कॅल्विन जॉन्सनलाही त्याच संघाला दहा लाखांवर डॉलर परत द्यावे लागले. कोल्ट्सना लककडून जवळपास अडीच कोटी डॉलर मागता आले असते, त्यांनी एक डॉलरही मागितला नाही. माझा आक्षेप फक्त वेळेला आहे. मार्चमध्ये सांगितलं असतं तर खेळाडूंचा बाजार खुला होता, एप्रिलमध्ये ड्राफ्ट होता. ऑगस्टअखेर चांगला क्वार्टरबॅक कुठून आणणार? त्या वर्षी ७ विजय, ९ पराभव. २०१९ ते २०२३, पाच हंगामांच्या सलामीला पाच वेगळे क्वार्टरबॅक!

रानवाट

विन्या, मार्चमध्ये सांगायला त्याचं तेव्हा ठरलेलंच नव्हतं. पोटरीची दुखापत वसंतात सुरू झाली, ती बरी होईना. जुलैअखेरच्या शिबिरात थांबावं लागलं, ऑगस्टमध्ये दुखणं घोट्यापर्यंत आहे असं निघालं. २०१६मध्ये दुखऱ्या शरीराने खेळून आयुष्याचं काय झालं ते त्याने पाहिलं होतं. पुन्हा तशी वेळ आली तर स्वतःला आधी निवडायचं, असं तेव्हाच ठरवलं होतं, हेही त्याने त्या रात्री सांगितलं.

विन्या_इंडी

मग जखमींच्या यादीत जाऊन एक हंगाम बसला असता. पुढच्या वर्षी बरं वाटलं असतं तर? न्यू इंग्लंडचा स्टार खेळाडू ग्रॉन्कोव्स्की त्याच वर्षी निवृत्त झाला आणि २०२०च्या हंगामात परत येऊन सुपर बोल (लीगचा अंतिम सामना) जिंकला.

मृण्मयी_फिजिओ

यादीत बसला असता तर पगारही चालू राहिला असता. खेळायचं नाही हे मनाशी ठरलेलं असताना तो पगार घेणं आणि तुम्हा सगळ्यांना वर्षभर आशेवर ठेवणं, हे तुम्हाला जास्त प्रामाणिक वाटतं?

तात्या४६

आणि तो फुटबॉलपासून पळाला नाही. स्टॅनफर्डला परत जाऊन शिक्षणशास्त्र शिकला, नोव्हेंबर २०२४मध्ये त्याच विद्यापीठाच्या फुटबॉल संघाचा जनरल मॅनेजर झाला. खेळाडू निवडणं, संघ उभा करणं आता त्याच्या हातात आहे. मी तर त्याची ऑफेन्सिव्ह लाइन कशी उभी राहते तेच बघणार आहे.

विन्या_इंडी

तेवढ्यासाठी मीही स्टॅनफर्डचे सामने बघेन. पण यादीत बसण्याबद्दल माझं मत कायम आहे. पगार नाकारून बसता आलं असतं, तो पर्याय कुणी विचारातच घेतला नाही.